दादासाहेब तोरणे

रामचंद्र गोपाळ तोरणे ऊर्फ दादासाहेब तोरणे (जन्म : १३ एप्रिल, इ.स. १८९०, सुकळवाड, मालवण तालुका. मृत्यू : १९ जानेवारी, इ.स. १९६०, पुणे) हे भारतीय चित्रपटसृष्टीच्या आरंभकाळातील मराठी चित्रपट दिग्दर्शक, निर्माते आणि चित्रपटविषयक यंत्रसामग्रीचे व्यावसायिक होते. १८ मे १९१२ रोजी मुंबईत प्रदर्शित झालेला श्री पुंडलिक हा मूकपट त्यांच्या नावावर आहे. दादासाहेब फाळके यांचा राजा हरिश्चंद्र त्यानंतर सुमारे एका वर्षाने, ३ मे १९१३ रोजी, त्याच चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. असे असूनही पहिला भारतीय कथापट हा मान सर्वसाधारणपणे राजा हरिश्चंद्रला दिला जातो. श्री पुंडलिक हे रंगभूमीवरील नाटकाचे केवळ छायाचित्रण होते, असा त्यावरील मुख्य आक्षेप आहे. समोर घडणारी गोष्ट टिपून ठेवणे आणि चित्रपट घडवणे यांतील सीमारेषा कोठे आखावी, हा प्रश्न त्यामुळे तोरणे यांच्या चरित्राशी कायमचा जोडला गेला आहे.

प्रारंभिक जीवन

तोरणे यांचा जन्म मालवण तालुक्यातील सुकळवाड या गावी झाला. हा भाग त्या काळी रत्नागिरी जिल्ह्यात होता. १ मे १९८१ रोजी सिंधुदुर्ग हा स्वतंत्र जिल्हा अस्तित्वात आल्यापासून तो त्या जिल्ह्यात मोडतो. भातशेती, मासेमारी आणि नारळी-पोफळीच्या बागा यांवर चालणारे येथील ग्रामजीवन देवस्थानांच्या वार्षिक जत्रांभोवती गुंफलेले आहे. या जत्रांमध्ये देवळासमोर रात्रभर चालणारे दशावतारी नाटक ही दक्षिण कोकणाची लोककला म्हणून प्रसिद्ध आहे.

तोरणे अवघे तीन वर्षांचे असताना त्यांच्या वडिलांचे निधन झाले. त्यानंतर कौटुंबिक कलहामुळे त्यांना व त्यांच्या आईला घर सोडावे लागले. बालपण हलाखीत गेल्याने त्यांचे शालेय शिक्षण अर्धवट राहिले. कोकणातील अनेक तरुणांप्रमाणे तेही पोटापाण्यासाठी मुंबईस आले आणि विद्युत उपकरणांचा व्यवसाय करणाऱ्या एका कंपनीत नोकरीस लागले. यंत्रांच्या कामाचा हा परिचय त्यांना पुढे चित्रपट व्यवसायात उपयोगी पडला.

मुंबईत असताना श्रीपाद नाटक मंडळी या नाटक कंपनीशी त्यांचा संबंध आला. त्याच सुमारास शहरातील चित्रपटगृहांत दाखवले जाणारे परदेशी मूकपटही ते पाहत असत. नाटक आणि चलच्चित्र या दोन्हींच्या सहवासातून नाटक चित्रफितीवर उतरवण्याची कल्पना पुढे आली.

पार्श्वभूमी

भारतात चलच्चित्रांचा पहिला जाहीर खेळ ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलमध्ये झाला. फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या या चित्रफिती प्रत्येकी सुमारे एका मिनिटाच्या होत्या. फलाटावर येणारी आगगाडी किंवा कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार असे रोजचे प्रसंग त्यांत होते. कॅमेरा एका जागी उभा करायचा आणि समोर जे घडेल ते टिपायचे, ही त्या काळातील सर्वमान्य रीत होती.

भारतीय छायाचित्रकारांनीही हीच रीत उचलली. सावेदादा या नावाने ओळखले जाणारे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी इ.स. १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्तीचे चित्रण केले. केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या र.पु. परांजपे यांचे इ.स. १९०१ मध्ये मुंबईत झालेले स्वागतही त्यांनी टिपले. कलकत्त्यात हिरालाल सेन यांनी क्लासिक थिएटरच्या बंगाली नाटकांतील प्रवेशांचे चित्रण केले होते. नाटकाचे चित्रण ही कल्पना त्यामुळे अगदीच नवी नव्हती. तोरणे आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या प्रयत्नाचे वेगळेपण असे की, त्यांनी मराठी नाटकाचे एक संपूर्ण कथानक चित्रफितीवर उतरवून तिकीट लावून लोकांपुढे ठेवले.

श्री पुंडलिक

श्री पुंडलिक हे रामराव कीर्तिकर यांचे नाटक श्रीपाद नाटक मंडळी सादर करीत असे. त्याचा विषय पंढरपूरच्या विठ्ठलाशी निगडित असलेली पुंडलिकाची कथा हा होता. आईवडिलांची हेळसांड करणारा पुंडलिक पश्चात्तापानंतर त्यांच्या सेवेत रमतो. भेटीस आलेल्या देवालाही तो वीट फेकून तिच्यावर थांबावयास लावतो, अशी ही कथा आहे. वारकरी परंपरेमुळे ती महाराष्ट्रातील गावोगावच्या लोकांना ठाऊक होती. मूकपटाच्या दृष्टीने ही मोठी सोय होती, कारण संवाद ऐकू आले नाहीत तरी प्रेक्षकांना प्रसंग ओळखता येत.

या उपक्रमात तोरणे यांच्याबरोबर नानाभाई गोविंद चित्रे आणि टिपणीस हे सहकारी होते. कॅमेरा बोर्न अँड शेफर्ड या छायाचित्रण क्षेत्रातील नामवंत कंपनीकडून मिळवण्यात आला. तो विल्यमसन या इंग्रजी बनावटीचा असून तो चालवण्याचे काम जॉन्सन नावाच्या छायाचित्रकाराने केले. चित्रीकरण मुंबईतील मंगळदास वाडी येथे झाले. चित्रित फीत प्रक्रियेसाठी लंडनला पाठवण्यात आली. त्या वेळी तोरणे बावीस वर्षांचे होते.

हा चित्रपट १८ मे १९१२ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफ येथे प्रदर्शित झाला आणि तेथे सुमारे दोन आठवडे चालला. २५ मे १९१२ च्या टाइम्स ऑफ इंडिया या दैनिकात त्याची जाहिरात आली होती. ती जाहिरात हा या चित्रपटाविषयीचा महत्त्वाचा समकालीन पुरावा मानला जातो. श्री पुंडलिकची एकही प्रत आज उपलब्ध नाही.

चित्रीकरणाची पद्धत

श्री पुंडलिकची लांबी सुमारे १,५०० फूट आणि अवधी सुमारे २२ मिनिटे असल्याचे सांगितले जाते. तोरणे यांनी नेमके काय केले असावे, हे समजण्यास त्या काळच्या तंत्राची माहिती उपयोगी पडते. ३५ मिलिमीटर रुंदीच्या फितीच्या एका फुटात १६ चित्रचौकटी मावतात. हाताने दांडा फिरवून चालवण्याच्या कॅमेऱ्यात सेकंदाला साधारण १६ ते १८ चौकटी टिपल्या जात. म्हणजे सेकंदाला सुमारे एक फूट फीत खर्च होई. कॅमेऱ्याच्या पेटीत सामान्यतः काहीशे फूट फीतच मावत असल्याने काही मिनिटांनंतर चित्रीकरण थांबवून नवी फीत चढवावी लागे. त्यामुळे २२ मिनिटांचा चित्रपट एका दमात, न थांबता चित्रित करणे शक्य नव्हते. तो तुकड्यांतुकड्यांनी चित्रित करून नंतर जोडणे भाग होते.

मूळ नाटकाच्या प्रयोगाला काही तास लागत. त्या काळच्या मराठी रंगभूमीवर प्रयोग रात्री उशिरापर्यंत चालत आणि पदांना मोठे स्थान असे. मूकपटात पदे आणि संवाद दोन्ही गळून जात. एवढा प्रयोग २२ मिनिटांत बसवण्यासाठी कोणते प्रवेश ठेवायचे आणि कोणते वगळायचे, याची निवड कोणालातरी करावी लागली असणार. तोरणे यांची बाजू मांडणारे लेखक याच मुद्द्यावर भर देतात. त्यांच्या मते आरंभी एका जागेवरून केलेल्या चित्रणाने तोरणे यांचे समाधान झाले नाही. म्हणून त्यांनी नाटक भागाभागांत चित्रित करून ते भाग जोडले, आणि हे आजच्या संकलनाचेच आद्य रूप होते. मूळ फीत नष्ट झाल्यामुळे या दाव्याची प्रत्यक्ष तपासणी करता येत नाही.

आद्यत्वाचा वाद

श्री पुंडलिकला पहिला भारतीय कथापट मानण्यास तीन आक्षेप घेतले जातात. पहिला, तो स्वतंत्र पटकथेवर आधारलेला नसून नाटकाचे चित्रण होता. दुसरा, त्याचा छायाचित्रकार भारतीय नव्हता. तिसरा, फितीवरील प्रक्रिया परदेशात झाली होती. याउलट फाळके यांनी राजा हरिश्चंद्रसाठी लेखन, चित्रीकरण, प्रक्रिया आणि संकलन ही सर्व कामे भारतातच आणि बहुतांशी स्वतःच्या घरी उभी केली होती. त्या चित्रपटाची लांबीही सुमारे ३,७०० फूट, म्हणजे श्री पुंडलिकच्या दुपटीहून अधिक होती. भारत सरकारने राजा हरिश्चंद्रलाच पहिला भारतीय कथापट मानले असून चित्रपट क्षेत्रातील सर्वोच्च राष्ट्रीय पुरस्कार इ.स. १९६९ पासून फाळके यांच्या नावाने दिला जातो.

तोरणे यांच्या समर्थकांचे म्हणणे असे की, छायाचित्रकाराच्या राष्ट्रीयत्वावरून किंवा प्रक्रियेच्या स्थळावरून चित्रपटाचे राष्ट्रीयत्व ठरत नाही. पुढील काळातील अनेक भारतीय चित्रपटांचे छायाचित्रण परदेशी तंत्रज्ञांनी केले आहे आणि त्यांच्या भारतीयत्वाविषयी शंका घेतली जात नाही. नाटकावर आधारित असणे हाही निर्णायक मुद्दा होऊ शकत नाही, कारण आरंभीच्या अनेक पौराणिक मूकपटांवर रंगभूमीचा ठसा स्पष्ट दिसतो. भारतीय चित्रपटाच्या शताब्दीच्या निमित्ताने इ.स. २०१२-१३ मध्ये तोरणे यांच्या कुटुंबीयांनी व काही अभ्यासकांनी ही मागणी पुन्हा जाहीरपणे मांडली.

या तीन आक्षेपांपैकी पहिला अधिक गंभीर आहे, कारण तो कॅमेऱ्याच्या कामाविषयीचा आहे. त्या दृष्टीने फाळके यांचेच एक उदाहरण लक्षात घेण्यासारखे आहे. लंडनहून परतल्यावर इ.स. १९१२ मध्ये त्यांनी भांडवल उभे करण्यासाठी अंकुराची वाढ ही छोटी चित्रफीत तयार केली. कुंडीतील वाटाण्याच्या रोपासमोर कॅमेरा स्थिर ठेवून ठराविक अंतराने एकेक चौकट टिपत गेल्यामुळे कित्येक दिवसांची वाढ पडद्यावर सुमारे एका मिनिटात दिसत असे. ब्रिटनमध्ये पर्सी स्मिथ यांनी इ.स. १९१० मध्ये फुलांच्या उमलण्याचे असेच चित्रण केले होते. फाळके यांनी रोपात कोणताही बदल केला नाही. त्यांचे कौशल्य केव्हा टिपायचे हे ठरवण्यात आणि धीर धरण्यात होते. ही चित्रफीत भारतातील निसर्गविषयक चित्रणाचा आरंभ म्हणून गौरवली जाते. एकाच वर्षी, एकाच शहरात आणि विल्यमसन बनावटीच्याच कॅमेऱ्यांनी झालेल्या या दोन प्रयत्नांत कॅमेऱ्याने मुख्यतः निरीक्षणच केले होते. एकासमोर रोप होते, दुसऱ्यासमोर नाटक. एकाच्या बाबतीत स्थिर कॅमेरा गुण ठरला, तर दुसऱ्याच्या बाबतीत उणीव ठरला.

माहितीपटाच्या क्षेत्रात पुढे निरीक्षणाला स्वतंत्र प्रतिष्ठा मिळाली. एखाद्या गावची जत्रा, शेतीतील कामे किंवा दशावतारी नाटकाचा प्रयोग ढवळाढवळ न करता चित्रित केला, तर त्या चित्रणाचे मोल दस्तऐवज म्हणून मान्य केले जाते. या निकषावर पाहता श्री पुंडलिक हा इ.स. १९१२ मधील मराठी नटांचा अभिनय, वेशभूषा आणि रंगमंचावरील हालचाली दाखवणारा दुर्मीळ दस्तऐवज ठरला असता. त्या पिढीतील नाटकांची माहिती आज छापील संहिता, छायाचित्रे, आठवणी आणि काही ध्वनिमुद्रिकांतूनच मिळते. हलती चित्रे जवळजवळ नाहीतच. पहिला कोण या वादापेक्षा ही हानी मोठी असल्याचे म्हणता येते.

कराची आणि वितरण व्यवसाय

श्री पुंडलिकनंतर काही काळाने तोरणे यांची नोकरीच्या निमित्ताने कराचीस बदली झाली. तेथे त्यांची बाबूराव पै यांच्याशी मैत्री जमली. दोघांनी मिळून परदेशी चित्रपटांच्या वितरणाचा व्यवसाय सुरू केला. पै पुढे फेमस पिक्चर्सचे चालक आणि प्रभात फिल्म कंपनीचे भागीदार म्हणून प्रसिद्ध झाले. चित्रपट तयार करण्याइतकेच तो प्रेक्षकांपर्यंत पोहोचवणेही महत्त्वाचे आहे, ही जाण तोरणे यांना या काळात आली.

मुंबईस परतल्यावर ते अर्देशिर इराणी यांच्या सहवासात आले आणि त्यांनी काही मूकपटांचे दिग्दर्शन केले. सिंदबाद खलाशी (१९३०) हा त्यांपैकी एक होय.

ध्वनियुग आणि मूव्ही कॅमेरा कंपनी

चित्रपट बोलू लागणार याची चाहूल लागताच तोरणे यांनी मूव्ही कॅमेरा कंपनी या नावाने यंत्रसामग्रीचा व्यवसाय उभारला. ऑडिओ-कॅमेक्स या अमेरिकी ध्वनिमुद्रण यंत्रणेची विक्री ते करीत. अर्देशिर इराणी यांचा आलम आरा हा पहिला भारतीय बोलपट १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात प्रदर्शित झाला. त्यानंतर सर्वच निर्मात्यांना ध्वनिमुद्रण यंत्रांची निकड भासू लागली. मूकपटांवर उभे राहिलेले स्टुडिओ बोलपटांकडे वळत असताना तोरणे यांच्या कंपनीने त्यांना लागणारी यंत्रे पुरवली.

ध्वनीच्या आगमनाने कॅमेरा काही काळ पुन्हा एका जागी खिळला. चालत्या कॅमेऱ्याचा आवाज ध्वनिमुद्रणात येऊ नये म्हणून तो बंदिस्त खोक्यात ठेवावा लागे आणि नटांना लपवलेल्या ध्वनिग्राहकाजवळच उभे राहून बोलावे लागे. या कारणाने आरंभीचे अनेक बोलपट रंगमंचावरील प्रयोगासारखे भासतात.

सरस्वती सिनेटोन

तोरणे यांनी पुण्यात सरस्वती सिनेटोन ही चित्रपट संस्था स्थापन केली. कोल्हापूरची प्रभात फिल्म कंपनी इ.स. १९३३ मध्ये पुण्यास आली. त्यापूर्वीच सरस्वती सिनेटोनने बोलपटनिर्मिती सुरू केली होती. संस्थेचा श्यामसुंदर (१९३२) हा बोलपट भालजी पेंढारकर यांनी दिग्दर्शित केला. त्यात शाहू मोडक यांनी कृष्णाची भूमिका केली. पुढे संतपट आणि पौराणिक चित्रपटांतील नट म्हणून गाजलेले मोडक आणि नामवंत गायिका-अभिनेत्री शांता आपटे यांची चित्रपटातील कारकीर्द याच चित्रपटापासून सुरू झाली. श्यामसुंदर मुंबईत पंचवीस आठवड्यांहून अधिक काळ चालला. रौप्यमहोत्सव साजरा करणारा पहिला भारतीय बोलपट म्हणून त्याचा उल्लेख केला जातो.

त्यानंतर आलेल्या औट घटकेचा राजा (१९३३) या चित्रपटाचे दिग्दर्शन मास्टर विठ्ठल यांनी केले. हिंदीत तो आवारा शहजादा या नावाने निघाला. त्यात शाहू मोडक यांनी दुहेरी भूमिका केली होती आणि बोलपटातील ती पहिली दुहेरी भूमिका मानली जाते. एकाच नटाला पडद्यावर दोन रूपांत दाखवण्यासाठी कॅमेऱ्याच्या युक्त्या लागतात. समोरचे जसेच्या तसे टिपल्याचा आक्षेप ज्यांच्यावर घेतला गेला, त्यांच्याच संस्थेने हा प्रयोग केला, हे उल्लेखनीय आहे. छत्रपती संभाजी (१९३४) हा ऐतिहासिक बोलपटही याच संस्थेचा होय. संस्थेची चित्रपटनिर्मिती १९४० च्या दशकाच्या आरंभापर्यंत चालू होती.

अखेरचा काळ

उत्तरायुष्यात प्रकृती साथ देईनाशी झाल्यावर तोरणे चित्रपट व्यवसायातून निवृत्त झाले आणि पुण्यात राहू लागले. १९ जानेवारी १९६० रोजी वयाच्या ६९ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. जुन्या चित्रपटांच्या जतनासाठी पुण्यातच राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते इ.स. १९६४ मध्ये, म्हणजे त्यांच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी. या संग्रहालयाला राजा हरिश्चंद्रचे काही भाग मिळवून जतन करता आले. श्री पुंडलिकच्या वाट्याला मात्र ते भाग्य आले नाही.

महत्त्व

दादासाहेब तोरणे यांचे कार्य श्री पुंडलिकपुरते मर्यादित नाही. चित्रपटनिर्मिती, वितरण, यंत्रसामग्रीचा पुरवठा आणि स्टुडिओची उभारणी अशा चित्रपट उद्योगाच्या जवळजवळ सर्व शाखांत त्यांनी काम केले. मूकपटाच्या पहिल्या प्रयत्नांपासून बोलपटाच्या रौप्यमहोत्सवापर्यंतचा प्रवास त्यांच्या एका आयुष्यात सामावला आहे. शालेय शिक्षण अपुरे राहिलेल्या आणि मालवण तालुक्यातील एका खेड्यातून आलेल्या तरुणाने बावीसाव्या वर्षी मराठी नाटकाची कथा पडद्यावर आणली, ही घटना आद्यत्वाच्या वादाचा निर्णय काहीही लागला तरी भारतीय चित्रपटाच्या इतिहासात नोंदवावी लागते.